कोट घाल, गाडी उभी आहे

सकाळी आमच्या घरात तीन आवाज एकाच वेळी सुरू व्हायचे. स्वयंपाकघरात आईचा कुकर, खाली रस्त्यावर वळण घेताना किंचाळणारी ट्राम, आणि न्हाणीघरात पपांचा गळा. दाढी करताना पपा खालच्या पट्टीपासून वरपर्यंत 'मा-मे-मी-मो-मू' असं चढत जायचे, मग जीभ सुटावी म्हणून अवघड वाक्यं दहा-दहा वेळा घोकायचे आणि शेवटी एकदम गप्प व्हायचे. त्या शांततेत ते आरशात तोंडं करून बघत. दार किलकिलं असलं की मी फटीतून पाहायचे. हसरं तोंड, घाबरलेलं तोंड, एखाद्या विसराळू म्हाताऱ्याचं तोंड. ही सगळी तोंडं त्यांना फार सुरेख जमत. पण न्हाणीघराबाहेर ती त्यांच्याकडे कुणी कधी मागितली नाहीत.

पपा नट होते. जर्मनीत, ब्राउनश्वाइगमधल्या एका लहानशा नाट्यगृहात त्यांची कायमची नोकरी होती, आणि सुटीच्या महिन्यांत सिनेमा, टेलिव्हिजन. त्यांचं नाव वेर्नर. आई त्यांना 'अहो' म्हणायची. मिरजेहून नर्सचं शिक्षण घेऊन आलेली आई इस्पितळात काम करायची. रंगमंचावरून पडून पाय मोडलेले पपा तिच्या वॉर्डात सहा आठवडे होते, तिथेच ते जमलं. 'अहो' हे तिने आपल्याला ठेवलेलं लाडाचं नाव आहे असं पपांना कित्येक वर्षं वाटत होतं. नाटकातले त्यांचे दोस्तही मग त्यांना 'आहो' म्हणायला लागले. खरा अर्थ कळल्यावर पपा म्हणाले, "म्हणजे मला नावच नाही की!" आणि खूप हसले. जर्मनमध्ये मी त्यांना सरळ 'तू' म्हणत असे. मराठीत लिहायला बसले की ते आपोआप 'ते' होतात.

लग्न असं त्यांचं झालंच नव्हतं. कचेरीत लग्न लावायचं तर आईचा जन्मदाखला हवा होता, आणि मिरजेच्या घराने तो पाठवायला साफ नकार दिला होता. दोन वर्षं पत्रं लिहून आई थकली. शेवटी एका रविवारी पपांनी स्वयंपाकघरात तिच्या गळ्यात मंगळसूत्र बांधलं, शेजारच्या बाईंनी टाळ्या वाजवल्या आणि क्वार्कच्या, म्हणजे इथल्या चक्क्याच्या, श्रीखंडावर समारंभ पार पडला. त्यामुळे कागदोपत्री माझं आडनाव आईचं. रंगाने, केसांनी, डोळ्यांनीही मी आईचीच. रस्त्यात पपांचा हात धरून चाललेली मी दिसले तर लोकांना काही उलगडा व्हायचा नाही.

पपांचा चेहरा मात्र कुणी विसरत नसे. लांब जबडा, फिकट निळे डोळे आणि वरच्या ओठापासून गालापर्यंत गेलेला पांढरा व्रण. तो लहानपणी बर्फात घसरगाडी उलटून झालेला. युद्धाच्या शेवटच्या वर्षी, सोळाव्या वर्षी, त्यांना शाळेतून उचलून विमानविरोधी तोफेवर बसवलं होतं. तिथे त्यांच्या हातून कुणी मेलं का, हे त्यांनाही ठाऊक नव्हतं. तोफ आकाशाकडे होती. युद्ध संपल्यावर घर नाही, शाळा नाही, म्हणून ते एका फिरत्या नाटकमंडळीत शिरले. बॉम्बने छप्पर उडालेल्या हॉलमध्ये खेळ व्हायचे, लोक अंगावर कोट तसेच ठेवून बसायचे आणि तिकिटाऐवजी शेगडीत घालायला कोळशाची एक-एक वीट आणायचे. तिथे पपा विदूषक व्हायचे, राजपुत्र व्हायचे, एकदा म्हातारी आजीसुद्धा झाले. ते दिवस सांगताना त्यांचा चेहरा उजळायचा. "लोक थंडीने कुडकुडत होते आणि मी त्यांना हसवत होतो," ते म्हणायचे. "त्यापुढे मला कुणी काही हसवायला दिलंच नाही."

कारण पुढे सिनेमावाले आले. त्यांना गणवेशातली माणसं हवी होती आणि त्यांनी पपांचा जबडा पाहिला. पहिल्या सिनेमात ते छळछावणीचे पहारेकरी होते. मग गुप्त पोलिसांचा माणूस, मग न्यायालयात कैद्याला ढकलत आणणारा शिपाई. श्रेयनामावलीत 'दुसरा अधिकारी', 'पहारेकरी', 'गणवेशातला माणूस'. वीस वर्षं. पडद्यावर येत तीन मिनिटं, दार ठोठावत, कुणाला तरी घेऊन जात. आणि ते ते काम इतकं चोख करत की त्यांच्या जागी दुसऱ्या कुणाला घ्यावं असं कुणाच्या मनात येत नसे. दर वेळी शूटिंगहून परतले की आई त्यांना आधी आंघोळीला पाठवायची आणि मग पिठलं वाढायची. इथल्या पिठाच्या पोळ्या चिवट व्हायच्या, म्हणून पिठलं आम्ही राय नावाच्या धान्याच्या काळ्या पावाबरोबर खायचो.

मी नऊ वर्षांची असताना एकदा त्यांच्याबरोबर बेकरीत गेले होते. रांगेतले एक व्यवस्थित कपड्यांतले आजोबा वळून पपांकडे बघत राहिले. आता हे काहीतरी वाईट बोलणार म्हणून मी पपांचा हात घट्ट धरला. आजोबांनी टोपी काढली आणि पपांचा दुसरा हात हातात घेऊन हळू आवाजात म्हणाले, "तुम्ही आम्हाला नीट दाखवता. ताठ. हल्ली बाकीचे सगळे आम्हाला राक्षस करतात." पपांनी पाव न घेताच मला बाहेर काढलं. घरी येऊन त्यांनी हात धुतले, पुसले आणि पुन्हा धुतले. आई म्हणाली, "अहो, पाव कुठाय?" ते म्हणाले, "विसरलो."

आता मी एर्लांगेनला राहते, वैद्यकीय यंत्रांच्या प्रयोगशाळेतून नुकतीच निवृत्त झाले आहे. इकडे पुण्यामुंबईची पुष्कळ मुलं संशोधनाला येतात आणि सणावाराला काकूंकडे जेवायला येतात. गेल्या हिवाळ्यात त्यातल्या एकाने जर्मन शिकायला म्हणून जुना सिनेमा फोनवर लावला होता. "काकू, हा बघा, काय डेंजर दिसतो!" मी म्हटलं, "ते माझे वडील." तो बिचारा फारच ओशाळला. मीच त्याची समजूत घातली. पडद्यावर ते डेंजर दिसायचेच, त्यासाठीच त्यांना बोलवायचे. खाली लोकांनी लिहिलेली मतं त्याने मला वाचून दाखवली. 'हा चेहरा!' 'याला बघून अजून अंगावर काटा येतो.' नाव मात्र कुणालाही माहीत नव्हतं.

मी सतरा वर्षांची असताना टेलिव्हिजनवर एक मालिका आली. एका ज्यू कुटुंबाची गोष्ट होती, अख्खा देश ती बघत होता. तिसऱ्या भागात पपा होते. पहाटे दार ठोठावतात, आत येतात, चिमुकल्या मुलीकडे बघतात आणि काहीही न ओरडता, जवळजवळ मायेने म्हणतात, "कोट घाल. गाडी उभी आहे." एवढंच. खाली ट्रक उभा असतो. दुसऱ्या दिवशी शाळेत इतिहासाच्या बाईंनी त्याच प्रसंगावर तासभर चर्चा घेतली. "ओरडणाऱ्यापेक्षा हा माणूस भयंकर का वाटतो?" बाईंना काही ठाऊक नव्हतं. मी वहीत मान खुपसून बसले होते. मधल्या सुटीत झिल्के नावाची माझी मैत्रीण म्हणाली, "त्या माणसाला मी तुमच्या जिन्यात पाहिलंय. शप्पथ!"

"तो आमचा घरमालक आहे," मी म्हटलं.

"ई! तुम्ही त्याच्या घरात राहता?"

"वरच्या मजल्यावर. आमचा त्याच्याशी काही संबंध नाही."

"आणि तुझे वडील काय करतात?"

"इंजिनिअर आहेत. सारखे भारतात असतात." तोंडातून निघून गेलं, आणि मग तेच खरं करून टाकावं लागलं. त्यानंतर मी झिल्केला घरी येऊ दिलं नाही.

त्याच हिवाळ्यात मामा आला. आईचा थोरला भाऊ. जवळच्या मोटारींच्या कारखान्यात सहा महिन्यांच्या प्रशिक्षणासाठी त्याच्या कंपनीने त्याला पाठवलं होतं, आणि आजोबा आता हयात नव्हते, म्हणून वीसेक वर्षांनी त्याने बहिणीच्या दारावरची घंटा वाजवली. हातात सांगलीच्या भडंगाची पिशवी आणि गोड्या मसाल्याचा डबा. आई दारातच रडायला लागली. पपांनी वाकून मामाच्या पायांना हात लावला. आईने त्यांना आठवडाभर ते शिकवलं होतं. मामा गोंधळून दोन पावलं मागे सरला आणि म्हणाला, "असू दे, असू दे, मिस्टर वेर्नर." पुढे दर रविवारी तो जेवायला यायचा, पपा त्याला 'दादा' म्हणायचे, आणि तो 'मिस्टर वेर्नर'च्या पुढे काही जाईना. आई पपांना चिडवायची, "अजून तुम्ही जावई नाही बरं का. दादा 'जावईबापू' म्हणेल त्या दिवशी आपलं लग्न लागलं." पपांनी तो शब्द पाठ करून ठेवला होता.

आणि मग, फेब्रुवारीत, पपांना ते नाटक मिळालं. मुख्य भूमिका करणारे नट आजारी पडले आणि तरुण दिग्दर्शकाने सगळ्यांना चकित करून पपांचं नाव घेतलं. नवीन लिहिलेलं नाटक, गोष्ट साधीशी. खेड्यातलं स्टेशन बंद पडलं आहे, रूळ उखडले आहेत, पण निवृत्त स्टेशनमास्तर रोज नातीला घेऊन फलाटावर जातो आणि गाडी येण्याचा खेळ खेळतो. हसरं, हळवं, थोडं वेडं काम. कोळशाच्या दिवसांनंतर पहिल्यांदाच पपांना न्हाणीघरातली तोंडं बाहेर काढता येणार होती. ते पन्नाशीचे होते आणि लहान मुलासारखे घरभर फिरत होते. आई कणीक मळायची, ते टेबलाभोवती फिरत वाक्यं म्हणायचे, मध्येच तिच्या हातातला गोळा घेऊन स्टेशनमास्तरची शिट्टी वाजवल्यासारखं करायचे. "अहो, पीठ सांडतंय!" आई ओरडायची आणि हसायची. त्या घरात इतकं हसू मी त्याआधी ऐकलं नव्हतं, नंतर तर नाहीच.

एका दुपारी मी भडंग खात बसले होते आणि पपा पहिला प्रवेश म्हणून दाखवत होते. स्टेशनमास्तर झोपलेल्या नातीला उठवतो. पपा खुर्चीवर वाकले, आवाज अगदी मऊ केला आणि म्हणाले, "कोट घाल, राणी. गाडी उभी आहे."

मी भडंगाची वाटी खाली ठेवली. त्या वाक्यातली गाडी आगगाडी होती, मालिकेतली गाडी ट्रक. मराठीत दोन्ही गाड्याच. आणि त्या चेहऱ्यातून आल्यावर जर्मनमध्येही दोन्ही एकच झाल्या होत्या. पपांच्या ते ध्यानात आलं नव्हतं. लेखकाच्या, दिग्दर्शकाच्याही नव्हतं, कारण ते त्या वाक्याकडे नाटकातून पाहत होते. मी त्याच्याकडे वर्गातून पाहिलं होतं.

"कसं वाटतं?" पपांनी विचारलं. "खरं सांग."

खरं सांगायचं तर मला शाळेतलं सगळं सांगावं लागलं असतं. घरमालक, इंजिनिअर, सगळं. वाक्य बदलायला तीन आठवडे हाताशी होते. लेखक गावातच होता.

"छान आहे," मी म्हटलं.

पहिल्या प्रयोगाला आई, मामा आणि मी तिसऱ्या रांगेत बसलो होतो. आई मोरपिशी साडी नेसली होती. मामाने सूट घातला होता, आणि एक शब्द कळणार नसूनही तो ताठ, सावध बसला होता. दिवे मंदावले. झोपलेली लहान मुलगी, खिडकीत सकाळ. दार उघडून पपा आत आले आणि मागच्या रांगांमधून कुजबुज सरकत गेली; लोकांनी चेहरा ओळखला होता. आदल्याच आठवड्यात ती मालिका पुन्हा दाखवली होती. पपा पलंगावर वाकले. त्यांनी ते वाक्य म्हटलं.

कुणी ओरडलं नाही. फक्त सगळं थिएटर एकदम गार पडलं. मग डावीकडून एका बाईचा मोठ्याने श्वास ओढल्याचा आवाज आला आणि ती उठली. खुर्ची फटकन मिटली, तिच्या पाठोपाठ तिचा नवरा, मग आणखी दोघं. पपांनी मान वर करून पाहिलं. मला त्यांचा चेहरा स्वच्छ दिसत होता. त्यांना कळलं. एका क्षणात, सगळं. मुलगी ठरल्याप्रमाणे त्यांच्या गळ्यात पडली, आणि त्यांनी तिला उचललं नाही. त्यांचे हात हवेत तसेच राहिले. पुढचे दोन तास ते सगळी वाक्यं बरोबर बोलले. एकही चुकलं नाही. पण विनोदावर कुणी हसेना, आणि पपा हळूहळू त्या मुलीपासून दूर दूर उभे राहायला लागले, जणू तिला त्यांच्यापासून धोका होता. आई अंधारात माझा हात चोळत होती. "काय झालं गं? लोक का गेले?" ती पुन्हा पुन्हा विचारत होती. टेलिव्हिजनवर गणवेशातले पपा ती कधीच बघत नसे.

मामाला यातलं काहीच कळलं नाही. एक म्हातारा, एक नात, न येणारी गाडी. त्याने आपल्यापुरतं नाटक पाहिलं आणि शेवटी त्याचे डोळे भरून आले होते.

बाहेर आल्यावर आई कोट घ्यायला गेली. मी आणि मामा खांबापाशी उभे होतो, तेवढ्यात झिल्के तिच्या आईबरोबर समोर आली. त्यांच्याकडे वर्षभराची तिकिटं असायची, हे मला माहीत असायला हवं होतं.

"तू इथे? तुमच्या घरमालकाला बघायला?" झिल्के म्हणाली. मग तिच्या आईने मामाकडे पाहून हात पुढे केला. "आणि हे तुझे वडील ना? शेवटी आले म्हणायचे भारतातून!"

मामा हसून मान हलवत म्हणाला, "या, या." 'हो' अशा अर्थाचा, त्याला येणारा तो एकच जर्मन शब्द.

"हो," मी म्हटलं. "हे माझे वडील."

आणि तेव्हा मला दिसलं की पपा खांबाच्या पलीकडे, तीन पावलांवर उभे आहेत. अर्धा रंग पुसलेला, मानेभोवती टॉवेल. ते आम्हालाच शोधत आले होते. झिल्केच्या आईनेही त्यांना पाहिलं आणि ती अवघडली.

पपांनी माझ्याकडे पाहिलं. मग ते पुढे आले, झिल्केच्या आईला लवून नमस्कार केला आणि माझ्याकडे वळले. चेहरा सौम्य, परका, सुशिक्षित. "आपण आलात, आभारी आहे, फ्रॉयलाइन," ते म्हणाले, अनोळखी तरुणीला म्हणावं तसं. माझ्या वडिलांनी मला अहोजाहो केलं. "आपल्या वडिलांना भाषेची फार अडचण झाली नसेल अशी आशा आहे."

मामाने त्यांचे दोन्ही हात हातात घेतले. "जावईबापू," तो मराठीत म्हणाला, "जावईबापू, रडवलंत हो मला. आमचं चुकलं. आमच्या घराचं फार चुकलं."

पपांना तो शब्द पाठ होता. त्यांच्या गालावरचा व्रण हलला, पण चेहरा ढळला नाही.

"काय म्हणतायत तुझे वडील?" झिल्केच्या आईने मला विचारलं.

"त्यांना अभिनय आवडला," मी म्हटलं.

पपांनी मान लववली आणि गर्दीतून आत निघून गेले. त्यांच्या आयुष्यातलं ते सर्वांत चांगलं काम होतं, असं मला आज वाटतं, आणि ते पाहणारी मी एकटीच होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी न्हाणीघरातून गळ्याचा आवाज आला नाही. पपा टेबलाशी बसून पावाला लोणी लावत होते. मी म्हटलं, "पपा, काल मी..." त्यांनी बरणी माझ्याकडे सरकवली. "मध घे," ते म्हणाले, "संपत आलाय." आवाजात राग नव्हता. राग असता तर मला रडता तरी आलं असतं. नाटकाचे आणखी चार प्रयोग झाले, मग दुसऱ्या नटाला घेतलं. मेमध्ये पपा पुन्हा शूटिंगला गेले, कैद्यांच्या गाडीवरचा पहारेकरी व्हायला. मामा मिरजेला परतला आणि तिथून आईचा जन्मदाखला पाठवला. आई कचेरीत जायचं म्हणाली, तर पपा म्हणाले, "आता या वयात कशाला? आणि मुलीला माझं नाव चिकटेल." आई त्यांच्यावर चिडली, मग विसरली. त्यांनी असं का म्हटलं ते तिला कळण्याचं कारण नव्हतं. मी तिला कधी सांगितलं नाही.

त्यानंतर ते अकरा वर्षं जगले. माझ्याशी नेहमीसारखंच बोलायचे, वाढदिवसाला पुस्तकं पाठवायचे, स्टेशनवर न्यायला यायचे. फक्त नाट्यगृहात मला कधीही नेलं नाही, आणि मी बरोबर असताना ओळखीचं कुणी दिसलं तर चालता चालता दोन पावलं मागे पडायचे. मी दर सुटीत ठरवून यायचे, की या खेपेला बोलायचं. फुप्फुसाच्या आजारात शेवटचे तीन आठवडे मी त्यांच्या उशाशी होते. तेव्हाही मी हवापाण्याचंच बोलत राहिले.

दफनाच्या दिवशी पाऊस नव्हता, ऊनही नव्हतं. चॅपेलमध्ये वीसेक माणसं होती. नाट्यगृहाच्या वतीने, गेल्या काही वर्षांतच तिथे आलेले एक वृद्ध गृहस्थ बोलले. शिस्तीचा नट, वेळेचा पक्का, उत्तम सहकारी. "त्याला मूलबाळ नव्हतं," ते म्हणाले, "रंगभूमीच त्याचं घर होती." आई पहिल्या रांगेत माझ्या खांद्यावर डोकं टेकवून बसली होती, रडण्यात तिने ते ऐकलं नाही. नंतर सगळे रांगेने येऊन हात मिळवायला लागले. ते गृहस्थ माझ्यापाशी आले आणि एकेक शब्द सुटा करून, मला कळावं म्हणून सावकाश जर्मनमध्ये म्हणाले, "आपण... भारतातून... आलात का? बाईंच्या... नातेवाईक?"

"मी त्यांची मुलगी आहे," मी म्हटलं. "वेर्नरची मुलगी."

त्यांनी माझ्याकडे फार मायेने पाहिलं. मग माझा हात थोपटत, चुकलेला शब्द मुलाला दुरुस्त करून सांगावा तसं म्हणाले, "बाईंची, म्हणायचंय तुम्हाला. त्याला मुलगी नव्हती. त्याने स्वतःच सांगितलं होतं आम्हाला, एकदा नाही, कितीतरी वेळा."

मागे माणसं खोळंबली होती. मी त्यांचा हात सोडला, आणि ते पुढे गेले.